जेफ ॲस्टल : डोक्याचा खेळ आणि डोक्याची किंमत

आता जेफ ॲस्टलकडे येऊ. इंग्लंडबाहेर त्याची आठवण एवढीच की, १९७० च्या वर्ल्ड कपमध्ये ब्राझीलविरुद्ध समोर गोल असताना यानं चेंडू बाहेर मारला. माझ्या मते हा शुद्ध अन्याय आहे. त्याच मोसमात इंग्लंडच्या पहिल्या डिव्हिजनमध्ये सगळ्यात जास्त गोल, म्हणजे २५, याच माणसाचे होते. देशासाठी मात्र पाचच सामने, आणि गोल एकही नाही.

जन्म १९४२ चा. नॉट्स कौंटी क्लबात त्याला टॉमी लॉटनकडून शिकायला मिळालं. लॉटन हा हेडरचा जुना उस्ताद. १९६४ मध्ये ॲस्टल वेस्ट ब्रॉमविच अल्बियनकडे आला आणि तिथे ३६१ सामन्यांत त्यानं १७४ गोल केले. १९६८ च्या एफ. ए. कपमध्ये तर प्रत्येक फेरीत त्याचा गोल आहे. फायनलमध्ये एव्हर्टनला १-० हरवणारा गोलही त्याचाच, तोही जादा वेळेत. आता गंमत बघा, डोक्यासाठी प्रसिद्ध असलेल्या या माणसाचा सगळ्यात गाजलेला गोल डाव्या पायाचा आहे!

खेळ संपल्यावर त्यानं सफाईचा व्यवसाय केला, टीव्हीवर गाणी म्हणून लोकांना हसवलं. पण पन्नाशीतच स्मृती जायला लागली. जानेवारी २००२ मध्ये तो गेला, वय ५९.

इथून आपला खरा विषय सुरू होतो. मृत्यूची चौकशी कोरोनरनं केली. (हे पद पूर्वी आपल्या मुंबईतही होतं.) निकाल आला : व्यवसायातून जडलेल्या आजारानं मृत्यू. खाणकामगाराच्या फुफ्फुसाबद्दल म्हणतात ना, तसं फुटबॉलपटूच्या मेंदूबद्दल म्हटलं गेलं. २०१४ मध्ये जपून ठेवलेल्या मेंदूची पुन्हा तपासणी झाली, तेव्हा त्यात बॉक्सरांमध्ये आढळणारा सी. टी. ई. हा आजार निघाला. याचं खात्रीशीर निदान आजही मृत्यूनंतरच होतं.

हे होतं कसं? मेंदू कवटीच्या आत द्रवात तरंगत असतो. चेंडू आदळला की कवटी झटक्यात हलते, मेंदू किंचित मागे राहतो, आणि त्या ओढाताणीत आतले बारीक तंतू ताणले जातात. माणूस बेशुद्ध पडलाच पाहिजे असं नाही. एका हेडरनं काही बिघडत नाही हो, पण हजारो वेळा? आणि सामन्यापेक्षा सरावात चेंडू डोक्यावर कितीतरी जास्त वेळा घेतला जातो.

लोक म्हणतात, तेव्हाचा चामड्याचा चेंडू जड होता, आताचा हलका आहे. हे अर्धंच खरं. कोरड्या चेंडूचं वजन आता ४१० ते ४५० ग्रॅम असतं, तेव्हाही जवळपास तेवढंच होतं. फरक पावसात पडायचा, चामडं पखालीसारखं पाणी प्यायचं. आताचा चेंडू पाणी पीत नाही, पण तो वेगानं येतो. त्यामुळे ‘तो जुना प्रश्न होता’ म्हणून हात झटकता येत नाहीत.

२०१९ मध्ये स्कॉटलंडच्या माजी व्यावसायिक खेळाडूंचा मोठा अभ्यास प्रसिद्ध झाला. मेंदू झिजवणाऱ्या आजारांनी मरण्याचं प्रमाण त्यांच्यात सामान्य माणसांच्या साधारण साडेतीनपट निघालं. हृदयविकारानं मात्र ते कमी मेले होते, म्हणजे व्यायामाचा फायदा झालाच होता. पुढे त्यांच्या जागांनुसार हिशोब केला, तेव्हा बचावपटूंना धोका सगळ्यात जास्त दिसला आणि गोलकीपरांना जवळपास सामान्य माणसाइतकाच. गोलकीपर चेंडू हातानं घेतो! हा काही अंतिम पुरावा नव्हे, पण बोट कुठे दाखवतो ते उघड आहे.

ॲस्टलच्या कुटुंबानं या प्रश्नाचा पिच्छा सोडला नाही. २०१५ मध्ये त्यांनी त्याच्या नावानं संस्था काढली. २०२० मध्ये इंग्लंडनं प्राथमिक वयाच्या मुलांच्या सरावातून हेडर काढून टाकले. २०२१ पासून व्यावसायिक खेळाडूंनाही सूचना आहे, सरावात जोराचे हेडर आठवड्याला दहाच. आता ते मोजायचे कुणी? तर क्लबानंच.