डाउनलोड फाइलची वॉर्निंग सरसकट बंद करू नका!

डोलवीत स्टील प्लांटची कामं घेणाऱ्या छोट्या ऑफिसांतून एकच मागणी येते: ‘ती सिक्युरिटी वॉर्निंग कायमची बंद करून द्या.’ मंडळी, तसं करू नका, प्लीज. त्याहून सोपा उपाय आहे.

नेटवरून उतरवलेल्या फाइलला विंडोज ‘झोन आयडेंटिफायर’ नावाची अदृश्य खूण लावतं. त्यात ‘झोनआयडी=3’ असेल तर फाइल इंटरनेटवरची. ही खूण पाहूनच एक्सेल फाइल ‘प्रोटेक्टेड व्ह्यू’मध्ये उघडतं आणि 2022पासून अशा फाइलींतले मॅक्रोही अडवतं.

खात्रीच्या फाइलवर राइट क्लिक करा, प्रॉपर्टीजमध्ये जा, जनरल टॅबच्या तळाशी ‘अनब्लॉक’वर टिक करून ओके म्हणा. झिप असेल तर एक्स्ट्रॅक्ट करण्याआधीच अनब्लॉक करा, म्हणजे आतल्या शंभर बीओक्यू (बिल ऑफ क्वांटिटीज) शीट एकेक करून सोडवत बसावं लागत नाही. वेळ इथेच वाचतो!

आणि हे जरूर लक्षात ठेवा: ही खूण एनटीएफएस डिस्कवरच टिकते. एफएटी32 पेनड्राइव्हवर फाइल कॉपी केली की खूण पुसली जाते. त्यामुळे पेनड्राइव्हवरून आलेली फाइल वॉर्निंगशिवाय उघडली, तरी आधी अँटिव्हायरसने स्कॅन कराच.