बुलेटच्या पाईपला गुंडाळलेली ती पट्टी नेमकी कशासाठी असते?

एखाद्या मॉडिफाय केलेल्या बुलेटकडे नीट बघा. इंजिनातून निघून सायलेन्सरकडे वळणारा जो पाईप असतो, ज्याला गॅरेजवाले बेंड पाईप म्हणतात, त्याला मोडलेल्या पायाला प्लास्टर घालावं तशी खाकी किंवा काळी पट्टी गुंडाळलेली दिसते. रीलमध्ये ती भारी दिसते, ऑनलाईन सहज मिळते आणि 'गुंडाळायला काय लागतं' म्हणत अनेक जण ती घरीच लावतात. पण तिचं खरं काम काय? आणि ती लावल्यावर पाईपचं काय होतं?

पट्टी कशाची असते?

हिला हीट रॅप म्हणतात. ती काचेच्या तंतूंची किंवा बसॉल्टच्या तंतूंची विणलेली असते. बसॉल्ट म्हणजे आपल्या सह्याद्रीचा काळा दगड ज्या जातीचा, तोच. 'टायटॅनियम रॅप' नावाने विकली जाणारी पट्टीही बहुतेक वेळा या दगडाचीच असते. टायटॅनियम फक्त नावात आणि रंगात.

ती करते काय?

पेट्रोल इंजिनावर जोर आला की बाहेर पडणारा वायू 600 ते 800 अंश सेल्सिअसपर्यंत तापतो. ही उष्णता पाईपमधून आजूबाजूला पसरते. पट्टी ती आतच कोंडून ठेवते. वायू गरम राहिला की वेगात बाहेर पडतो आणि सिलिंडर लवकर रिकामा होतो. रेसिंगच्या गाड्यांमध्ये, विशेषतः टर्बो इंजिनात, याचा उपयोग होतो. शिवाय बोनेटखालची हवा कमी तापते.

रोजच्या बाईकवर मात्र पिकअप किंवा मायलेजमध्ये जाणवेल असा फरक पडत नाही. फायदा एकच, पायाला लागणारी धग कमी होते. तरी पट्टीवर हात किंवा पाय टेकवता येईल एवढी ती थंड राहत नाही. मागे बसणाऱ्यांनी आणि लहान मुलांनी जपायचं ते जपायचंच.

मग बिघडतं कुठे?

पट्टीने उष्णता संपत नाही, ती पाईपच्या धातूतच अडकते. पाईप आधीपेक्षा जास्त तापतो. साध्या लोखंडी पाईपचे पापुद्रे निघू शकतात, जोडाला तडे जाऊ शकतात.

दुसरं कारण पावसाळा. भिजलेली पट्टी स्पंजसारखी पाणी धरून ठेवते. बाईक दोन-चार दिवस उभी राहिली की आत गंज सुरू होतो. कोकणातल्या खाऱ्या हवेत तर आणखी लवकर. आणि हे सगळं पट्टीखाली झाकलेलं असल्यामुळे पाईपला भोक पडेपर्यंत कळत नाही.

सगळ्यात मोठा धोका तेलाचा. इंजिनमधून ऑईल गळत असेल आणि ते पट्टीत मुरलं, तर तापलेल्या पाईपवर ते पेट घेऊ शकतं. म्हणून गळती असलेल्या गाडीला ही पट्टी लावायचीच नाही.

तरीही लावायची असेल तर

- पाईप थंड असताना काढा, गंज घासून स्वच्छ करा. उष्णता सोसणारा रंग मारून वाळू द्या.
- हातमोजे, मास्क आणि चष्मा घाला. काचेचे तंतू कातडीत शिरले की खाज थांबत नाही.
- दीड इंची पाईपला दोन इंची पट्टी, अर्धा इंच एकावर एक घेत गुंडाळली, तर एक फूट पाईपला साधारण सव्वातीन फूट पट्टी लागते. त्या हिशेबाने घ्या.
- सायलेन्सरकडच्या खालच्या टोकापासून सुरुवात करून इंजिनकडे जा. घरावर कौलं चढवतात तसंच, म्हणजे वरचा थर खालच्यावर येतो आणि पाणी आत न शिरता ओघळून जातं.
- प्रत्येक फेरा ओढून घट्ट बसवा. दोन्ही टोकांना स्टेनलेस स्टीलचे टाय लावा. प्लास्टिकचे टाय वितळतात.
- बीएस-6 गाड्यांमध्ये पाईपवर ऑक्सिजन सेन्सर असतो. तो आणि त्याची वायर मोकळी ठेवा.
- पहिल्यांदा गाडी चालू केल्यावर धूर आणि वास येतो. थोड्या वेळाने तो थांबतो, पण गाडी उघड्यावरच चालू करा.

भिजून आल्यावर गाडी लगेच बंद न करता पाच-दहा मिनिटं चालवून पट्टी सुकवा. पावसाळा संपला की एकदा पट्टी उघडून पाईप तपासा.

लावावी की नाही?

आधी आपला पाईप बघा. अनेक कंपन्या दुहेरी पत्र्याचे पाईप देतात. त्यावर पट्टीचा फारसा उपयोग नाही. गाडी वॉरंटीत असेल तर सर्व्हिस सेंटरला विचारून घ्या. आणि त्रास फक्त पायाला लागणाऱ्या धगेचा असेल, तर पत्र्याचं हीट शील्ड बसवणं सोपं पडतं. ते पाईपपासून थोडं अंतर ठेवून बसतं, मधून हवा खेळते आणि पाणीही साचत नाही. रीलमध्ये ते पट्टीइतकं भारी दिसणार नाही, पण पाईप टिकेल.