निवाडा, संदर्भ आणि अपील : भूसंपादनाच्या मोबदल्यातील न्यायाधिकार

भूसंपादनाच्या कायद्यातील ‘अवॉर्ड’ या इंग्रजी संज्ञेस मराठी शासनव्यवहाराने ‘निवाडा’ हा प्रतिशब्द दिला. शब्द जुना व वजनदार आहे. मराठेशाहीतील गोतसभा अग्रवादी व पश्चिमवादी या दोहोंचे म्हणणे ऐकून, साक्षीपुरावा पाहून जे निवाडपत्र देत असे, त्याने तंटा मिटला असे मानले जाई. निवाडा करणारा पक्षकारांहून निराळा असतो, हे या शब्दात गृहीतच आहे. भूसंपादनाच्या निवाड्यास मात्र हे गृहीत लागू पडत नाही. मोबदल्याचा वाद कोणत्या न्यायालयापुढे व कोणत्या स्वरूपात जातो, हे समजून घेण्यासाठी प्रथम हा भेद ध्यानात घ्यावयास हवा.

१८९४ च्या भूसंपादन अधिनियमात जमीन घेणारे सरकार होते आणि तिची किंमत प्रथम ठरविणारा कलेक्टरही सरकारचाच अधिकारी होता. १९०५ साली एझ्रा खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने या निवाड्याचे स्वरूप स्पष्ट केले. कलेक्टर येथे न्यायदान करीत नाही. त्याने ठरविलेली रक्कम म्हणजे सरकारने मालकापुढे ठेवलेला देकार होय. देकाराविरुद्ध अपील संभवत नाही. तो स्वीकारावा अथवा नाकारावा. नाकारणाऱ्याने कलम १८ अन्वये कलेक्टरकडेच लेखी अर्ज करावयाचा आणि कलेक्टरने तो वाद दिवाणी न्यायालयाकडे सोपवावयाचा, अशी योजना होती. या सोपविण्यास ‘संदर्भ’ म्हणतात. वाङ्मयाच्या अभ्यासकास परिचित असलेल्या अर्थाहून हा अर्थ वेगळा आहे.

म्हणून जिल्ह्याचे न्यायालय येथे अपिलाचे न्यायालय नसून प्रथम सुनावणीचे न्यायालय ठरते. चिमणलाल हरगोविंददास विरुद्ध विशेष भूसंपादन अधिकारी, पुणे या १९८८ च्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले. निवाड्यात आधारास घेतलेले व्यवहार न्यायालयापुढे रीतसर सिद्ध झाल्यावाचून पुरावा ठरत नाहीत; आणि देऊ केलेली किंमत अपुरी आहे, हे दाखविण्याचा भार मालकावर असतो.

खरे अपील त्यानंतर येते. कलम ५४ अन्वये ते उच्च न्यायालयात जाई. त्यापुढची वाट काही काळ बंद होती. १९१२ साली रंगून बोटाटाँग कंपनीच्या प्रकरणात प्रिव्ही कौन्सिलने असे ठरविले की, या कायद्याखालील उच्च न्यायालयाचा निर्णय हा ‘हुकूमनामा’ नव्हे, सबब त्यावर आपल्याकडे अपील चालणार नाही. १९२१ च्या दुरुस्तीने न्यायालयाच्या निवाड्यास हुकूमनाम्याचा दर्जा दिला, तेव्हा ती वाट मोकळी झाली. एका संज्ञेवर अपिलाचा संपूर्ण हक्क कसा अवलंबून असतो, याचे हे उत्तम उदाहरण होय.

ही चर्चा केवळ शब्दांची नाही. निवाड्याच्या वेळी हजर असलेल्यास संदर्भाच्या अर्जासाठी सहा आठवड्यांची मुदत होती. शिवाय ज्याने हरकत न नोंदविता रक्कम उचलली, त्याचा अर्जाचा हक्कच बुडे. ‘निवाडा झाला’ म्हणजे सर्व संपले, असा भाषेतून आलेला समज करून ज्याने पावतीवर निमूट अंगठा उठविला, त्याने देकार स्वीकारला असेच कायदा मानी. १९८४ च्या दुरुस्तीने कलम २८-अ घालून यात काही दिलासा दिला. एकाच अधिसूचनेखालील शेजाऱ्यास न्यायालयाने वाढीव मोबदला दिला, तर स्वतः संदर्भ न मागितलेल्यासही त्या निर्णयाच्या आधारे तीन महिन्यांत फेरनिर्धारण मागता येऊ लागले.

१ जानेवारी २०१४ पासून २०१३ चा नवा अधिनियम अमलात आला. आता संदर्भ दिवाणी न्यायालयाऐवजी स्वतंत्र प्राधिकरणाकडे जातो आणि प्राधिकरणाच्या निवाड्यावर उच्च न्यायालयात साठ दिवसांत अपील करता येते. पुरेसे कारण असल्यास आणखी साठ दिवस मिळू शकतात. तथापि हरकत नोंदवूनच रक्कम घेण्याची अट कायम आहे, आणि कलेक्टरच्या देकारास व प्राधिकरणाच्या निर्णयास आजही ‘निवाडा’ हा एकच शब्द वापरला जातो.

विस्थापितांविषयीचे मराठी लेखन वाचणाऱ्याने वा अन्य भाषेत नेणाऱ्याने हा शब्द आला की, तो कोणाचा निवाडा हे आधी पाहावे. कलेक्टरचा असेल, तर पात्राचा झगडा अद्याप न्यायालयापर्यंत पोचलेलाच नसतो. ‘अंतिम निर्णय’ असे भाषांतर केल्यास त्याच्या हाती उरलेले सहा आठवडे वाचकाच्या दृष्टीआड होतात.