न दिसणारा सांधा

बोरगाव मेघेला ताईकडे गेलं की मे महिन्यातली दुपार घरातच काढावी लागते. वर्ध्याचं ऊन बाहेर पाऊल टाकू देत नाही. कूलर लावलेला, ताई आडवी झालेली, आणि भाचा मोबाइलवर गेममध्ये गुंग. त्याच्या टीममध्ये तिघं. हा स्वतः नव्या फोनवर, पुण्याचा चुलतभाऊ लॅपटॉपवर आणि दोन घरं सोडून राहणारा मित्र त्याच्या आईच्या जुन्या फोनवर. सामना जिंकला तशी यानं चॅटमध्ये तीन इमोजी टाकले : हसता हसता डोळ्यांत पाणी आलेला चेहरा, तिरंगा आणि शेतकरीण. शेतकरीण ही त्यांच्या टीमची खूण.

पाच मिनिटांत तो मित्र भर उन्हात दारात हजर. त्याच्या फोनवर शेतकरीण आलीच नव्हती. एक बाई होती आणि तिच्या शेजारी एक सुटी ओंबी. तेवढ्यात पुण्याहून फोन आला : तिथे तिरंग्याच्या जागी 'आय' आणि 'एन' अशी दोन इंग्रजी अक्षरं उमटली होती. भाच्यानं माझ्याकडे पाहिलं. "मामाजी, मी येकच धाडलं, तिघायले तीन दिसून राह्यलं. असं काऊन?"

या प्रश्नाचा माग काढत गेलो आणि थेट आपल्या मराठीच्या एका अक्षरापाशी येऊन थांबलो. तो प्रवासच इथे सांगायचा आहे.

आधी एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी. भाच्याच्या फोनमधून चित्र निघालंच नव्हतं. इमोजी पाठवतो तेव्हा आपण नुसता आकडा पाठवतो. त्या हसून रडणाऱ्या चेहऱ्याचा आकडा १२८५१४. जोडलेल्या हातांचा १२८५९१. चित्र काढतो तो समोरचा फोन, त्याच्याजवळच्या फॉन्टमधून. 'भाकर' हा शब्द एकच, पण वर्ध्यात ती ज्वारीची थापतात आणि कोकणात तांदळाची. तसंच हे. शब्द तेवढा पोचतो, भाकर ज्याच्या त्याच्या चुलीवर होते. पुण्याच्या लॅपटॉपमधल्या फॉन्टात देशांचे झेंडे काढलेलेच नव्हते. तिरंगा म्हणजे मुळात 'आय' आणि 'एन' या दोन अक्षरांसाठी राखून ठेवलेल्या दोन खुणा. चित्र नसलं की त्या खुणा उघड्या पडतात.

हे आकडे ठरवले कोणी? १९९९ साली जपानच्या एनटीटी डोकोमो कंपनीच्या आय-मोड सेवेसाठी शिगेताका कुरिता यांनी १७६ चित्रांचा संच तयार केला. एकेका चित्राला जागा मिळाली आडवे बारा, उभे बारा ठिपके. १४४ ठिपक्यांची रांगोळीच ती. न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टनं २०१६ मध्ये हा संच आपल्या संग्रहात घेतला. पण जपानमधल्याच दुसऱ्या मोबाइल कंपन्यांनी आपापली चित्रं काढून आपापले आकडे दिले होते, त्यामुळे एका कंपनीच्या फोनवरचं चित्र दुसऱ्या कंपनीच्या फोनवर धड पोचेना. हा घोळ निस्तरायला २०१० साल उजाडावं लागलं. त्या वर्षी युनिकोडच्या ६.० आवृत्तीत इमोजींना सगळ्या जगासाठी एकच आकडे मिळाले.

युनिकोड म्हणजे जगातल्या लिप्यांमधल्या प्रत्येक खुणेला कायमचा आकडा देणारी यादी. आपला 'क' तिथे २३२५ क्रमांकावर आहे. १९९१ च्या पहिल्या आवृत्तीपासून देवनागरी या यादीत आहे, आणि तिची मांडणी भारतानंच १९८८ साली ठरवलेल्या 'इस्की' या प्रमाणावरून घेतलेली आहे. म्हणजे इमोजी या घरात राहायला आले, त्याच्या एकोणीस वर्षं आधीपासून क, ख, ग तिथे नांदत होते.

तरी आपलीही सगळी अक्षरं पहिल्या दिवसापासून नव्हती. 'ॲप', 'ॲसिड' यांतला 'ॲ' घ्या. मराठीला रोज लागणाऱ्या या अक्षराला स्वतःचा आकडा, २४१८, मिळाला तो २००८ मध्ये. त्याआधीच्या फॉन्टवर त्या जागी रिकामा चौकोन यायचा. आणि हुबेहूब तोच चौकोन आज दिवाळीत जुन्या फोनवर येतो, कारण पणती, साडी आणि ऑटोरिक्षा हे इमोजी २०१९ चे आहेत. या चौकोनाला छपाईच्या दुनियेत 'टोफू' म्हणतात, सोयाबीनच्या पनीरची वडी तशीच दिसते म्हणून. गूगलच्या 'नोटो' या फॉन्टकुळाचं नावच 'नो टोफू'वरून पडलं आहे.

चित्र उमटलं तरी ते सारखंच असेल, असं नाही. अमेरिकेतल्या मिनेसोटा विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१६ मध्ये दाखवून दिलं की दात दाखवणारा एकच हसरा चेहरा एका कंपनीच्या फोनवर आनंदी वाटतो, तर दुसऱ्या कंपनीच्या फोनवर दात-ओठ आवळल्यासारखा. बंदुकीचा किस्सा तर खेळणाऱ्या पोरांनी ऐकायलाच हवा. १२८२९९ हा आकडा पिस्तुलाचा. २०१६ मध्ये ॲपलनं तिथे हिरवी पाण्याची पिचकारी बसवली. त्याच वर्षी मायक्रोसॉफ्टनं उलट दिशेनं जाऊन आपली खेळण्यातली बंदूक काढली आणि खरं रिव्हॉल्व्हर आणलं. २०१८ पर्यंत बहुतेक सगळे पिचकारीवर आले. मधली दोन वर्षं एकानं धुळवडीचा निरोप धाडावा आणि दुसऱ्याला तो धमकीसारखा दिसावा, अशी गत होती.

गेमच्या चॅटमध्ये मात्र गुंता आणखी वाढतो, कारण गेम म्हणजे फोनच्या आत वसलेलं वेगळं गाव. साधा निरोप पाठवायचं ॲप फोनचाच फॉन्ट वापरतं. पुष्कळसे गेम तसं करत नाहीत. डोंगर, झाडं, बंदुका जशा पडद्यावर रंगवायच्या, तशीच अक्षरंही ते स्वतःच्या आधीच तयार ठेवलेल्या तक्त्यातून उचलून रंगवतात. इंग्रजीला लहान-मोठी मिळून बावन्न अक्षरं पुरतात. इमोजी साडेतीन हजारांहून जास्त. एवढा तक्ता बाळगणं जड जातं, म्हणून तो गाळला जातो. त्यापेक्षा सोपी वाट बरेच गेम धरतात : स्वतःचे मोजके चेहरे देतात. नवी मुंबईच्या गेमेशन कंपनीचा 'लुडो किंग' २०१६ मध्ये आला. तो फोनवरही चालतो आणि संगणकावरही. २०२० च्या टाळेबंदीत घराघरांत सोंगट्यांचा तो डाव रंगला, तेव्हा हसणारे-रडणारे चेहरे एकमेकांकडे फेकण्यात अर्धी मजा होती. चेहरा गेमनं स्वतःबरोबर आणलेला असला की अमुक नंबरचा चेहरा दाखव, एवढाच निरोप पुरतो, आणि दोन्हीकडे चित्र एकच उमटतं.

खरा घात होतो तो निरोप साठवताना. केन थॉम्प्सन आणि रॉब पाइक या दोघांनी सप्टेंबर १९९२ मध्ये न्यू जर्सीतल्या एका खाणावळीत, ताटाखालच्या कागदावर, हे आकडे साठवण्याची एक पद्धत आखली. यूटीएफ-८ हे तिचं नाव. आज जवळजवळ सगळं इंटरनेट तिच्यावर चालतं. तिच्यात इंग्रजी अक्षर एका बाइटमध्ये मावतं, देवनागरीला तीन लागतात, बहुतेक इमोजींना चार. 'वर्धा' हा शब्द पंधरा बाइटांचा : व, र, हलन्त, ध आणि काना. आता मायएसक्यूएल हे जगभर वापरलं जाणारं माहितीचं कोठार घ्या. त्यात 'यूटीएफ-८' नावानं जो प्रकार होता, तो प्रत्यक्षात तीनच बाइट घ्यायचा. चार बाइटांचा वेगळा प्रकार २०१० मध्ये आला. जुन्या प्रकारावर चालणाऱ्या चॅटमध्ये 'भेटू', पुढे हसरा चेहरा आणि मग 'संध्याकाळी मैदानात' असं लिहिलं, तर पुष्कळदा 'भेटू' एवढंच उरायचं. चेहरा तर जायचाच, त्याच्या मागचं वाक्यही कापलं जायचं. मराठी आत, इमोजी बाहेर, आणि त्यांच्यामध्ये एका बाइटाचा उंबरठा.

आता शेतकरणीकडे येतो. मी थक्क झालो ते इथे.

शेतकरीण हा एक इमोजी नाहीच. २०१६ मध्ये व्यवसायांचे इमोजी आले, तेव्हा ते नव्या आकड्यांनी नव्हे, जुन्यांची जोडणी करून बनवले गेले. बाई १२८१०५. भाताची ओंबी १२७८०६. आणि या दोघींच्या मध्ये एक तिसरा आकडा, ८२०५. त्याला चित्र नाही, आवाज नाही, रुंदीही नाही. युनिकोडमधलं त्याचं नावच 'शून्य रुंदीचा सांधा' अशा अर्थाचं आहे. तो समोरच्या फोनला इतकंच सांगतो की अलीकडचं आणि पलीकडचं एकत्र काढ. ज्याला ही जोडणी कळते, तो शेतकरीण काढतो. मित्राच्या आईचा फोन २०१६ च्या आधीचा, त्याला कळली नाही, म्हणून त्यानं बाई आणि ओंबी वेगवेगळ्या मांडल्या. आई, बाबा, मुलगी, मुलगा असं चौकोनी कुटुंबही असंच : चार माणसं, तीन सांधे, पंचवीस बाइट.

पण हा सांधा इमोजीसाठी जन्मलेला नाही. तो त्यांच्या कितीतरी आधीपासून युनिकोडमध्ये आहे, अरबीसारख्या आणि आपल्यासारख्या लिप्यांसाठी. 'दर्या' म्हणजे समुद्र आणि 'दऱ्या' म्हणजे डोंगरांमधल्या खोल जागा. र, हलन्त, य असे आकडे ओळीनं दिले की फोन रफार काढतो आणि 'दर्या' होतो. 'दऱ्या' हवा असेल, त्यातली ती पापणीच्या केसासारखी आडवी रेघ हवी असेल, तर हलन्त आणि य यांच्यामध्ये ८२०५ ठेवायचा. शेतकरीण जोडणारा तोच ८२०५! आज बहुतेक कळफलक दुसरी वाट घेतात, 'ऱ' या स्वतंत्र अक्षराची. ते युनिकोडमध्ये आलं द्राविडी भाषांमधला एक उच्चार लिहिण्यासाठी, आणि राबतंय मराठीसाठी. पण सांध्यानं लिहिलेले 'वाऱ्यावर', 'दुसऱ्या', 'तऱ्हा' हे शब्द इंटरनेटवर आजही ढीगभर आहेत. सांधा गळला की इमोजीतली बाई ओंबीपासून सुटते आणि दऱ्याचा दर्या होतो.

हिंदीला या अक्षराची गरज पडत नाही, म्हणून हिंदीपुरती चाचणी घेणाऱ्याला ही चूक दिसतच नाही. आपल्याकडे मात्र एका रेघेवर अर्थ फिरतो. बोरगाव मेघेहून जवळच, धाम नदीच्या काठी, पवनारला विनोबांचा आश्रम आहे. 'आचार्यांना भेटलो' आणि 'आचाऱ्यांना भेटलो' यांत किती अंतर आहे, ते वर्धेकरांना समजावून सांगावं लागत नाही. विनोबांचा नागरी लिपीवर फार जीव. भारतातल्या सगळ्या भाषा आपापल्या लिपीबरोबर नागरीतही लिहिल्या जाव्यात, असा त्यांचा आग्रह होता. वर्ध्यातच १९३६ मध्ये राष्ट्रभाषा प्रचार समिती स्थापन झाली आणि तिच्या पुस्तकांतून एके काळी इ, उ, ए यांच्याऐवजी अि, अु, अे छापले जात, खिळे कमी लागावेत म्हणून. लिपी यंत्रात कशी बसवायची, हा प्रश्न या गावाला जुना आहे.

गेमच्या तक्त्यात तो अजून सुटलेला नाही. 'किल्ला' लिहिताना आधी क साठवला जातो आणि मग वेलांटी. ती उचलून क च्या अलीकडे नेण्याचं आणि दोन ल जोडण्याचं काम अक्षरं जुळवणाऱ्या वेगळ्या प्रणालीचं असतं. पुष्कळ गेममध्ये ती नसते. मग वेलांटी क ला सोडून पुढच्या अक्षरावर जाऊन बसते आणि ल चे पाय मोडलेले राहतात. पोरं मराठी बोलतात आणि चॅटमध्ये ती इंग्रजी अक्षरांत लिहितात, त्याचं एक कारण हे आहे. त्यांना मराठीची लाज वाटते असं कोणी म्हणालं की मला राग येतो. त्यांच्यासमोर मोडकी मराठी ठेवली आहे.

माझं मत असं की इमोजींनी आपल्या लिपीवर उपकार केले आहेत. देवनागरी तुटते हे जगाच्या दुसऱ्या टोकाला बसलेल्या प्रोग्रामरला वर्षानुवर्षं दिसलं नाही. हसरा चेहरा तुटला तेव्हा ते त्याच्या स्वतःच्या फोनवर दिसलं. त्यासाठी त्यानं चार बाइटांची सोय केली, सांधा सांभाळायला शिकला, एकदा खोडलं की पूर्ण खूण खोडली जावी आणि अर्धी बाई मागे राहू नये, हे शिकला. जोडाक्षरांना नेमकं हेच हवं होतं. ज्या गेमला शेतकरीण अखंड नेता येते, त्याला 'दऱ्या' नेणं फारसं अवघड नाही.

भाच्याला हे सगळं सांगितलं, कागदावर आकडे लिहून दाखवले. तो बराच वेळ ८२०५ कडे पाहत राहिला. मग त्यानं विचारलं, "पण मामाजी, तिच्यापाशी धानाची ओंबी कायले? आपल्याकडं तं कापूस हाय."

खरं आहे. सुताचं रीळ आणि लोकरीचा गुंडा हे इमोजी २०१८ मध्ये आले. सेवाग्राम ज्याच्यासाठी जगाला माहीत आहे तो चरखा नाही, आणि कपाशीचं बोंडही नाही. नव्या इमोजीचा प्रस्ताव युनिकोडकडे कोणीही पाठवू शकतं. दरवर्षी त्यासाठी ठरावीक मुदत असते आणि चित्राला जगभर मागणी का आहे, ते पुराव्यानं दाखवावं लागतं. कापूस अनेक देशांत पिकतो, तो पुरावा गोळा करणं अशक्य नाही. वर्ध्यातल्या, यवतमाळातल्या, अकोल्यातल्या एखाद्या कॉलेजच्या मुलामुलींनी हे मनावर घ्यावं. बोंडाला आकडा मिळाला की पुढचं काम थोडंच आहे : बाई आहे, सांधा आहे.