मामलेदारापुढे अर्ज असताना

चांदवड तालुक्यातल्या एखाद्या शिवारात कांदा काढून झाला आहे, आणि शेजाऱ्याने वहिवाटीच्या रस्त्यावर चर खणून ट्रॅक्टर अडवला आहे, असे समजा. शेतकऱ्याने तहसील कचेरीत दाद मागितली. एक तारीख झाली, पंचनामा अजून व्हायचा आहे. मग पारावरचा कोणी शहाणा सांगतो, "चकरा कशाला मारतोस? सरळ मुंबईला हायकोर्टात जा!" तो जातो. तिथे विचारतात, "तुमचे प्रकरण तहसीलदारापुढे चालू आहे ना? मग आधी त्यांना ठरवू द्या." गडी परत येऊन सांगतो, कोर्टाने हाकलून दिलं!

हाकलले नाही. संविधानाच्या २२६ व्या कलमाने हायकोर्टाला मोठा अधिकार दिला आहे. पण तो केव्हा वापरायचा, हे कोर्ट स्वतः ठरवते. रस्त्याची वहिवाट होती का, चर केव्हा खणला, हे बांधावर उभे राहून, साक्षीदार तपासून कळायचे. ते काम १९०६ च्या मामलेदार कोर्ट कायद्याने तहसीलदाराकडे सोपवले आहे. गंमत अशी, की तोच कायदा तहसीलदारालाही थांबायची मुभा देतो. प्रकरण दिवाणी कोर्टाने पाहणे अधिक योग्य वाटले तर तो हात आवरू शकतो. मात्र कारणे लेखी द्यावी लागतात. ही कारणेच पुढे पक्षकाराच्या कामी येतात.

हा शिरस्ता जुनाच. महसूल अधिकाऱ्याच्या कृतीवरून सरकारवर दावा लावायचा, तर आधी शक्य ती सारी अपिले केलेली हवीत, असे १८७६ चा महसूल अधिकारक्षेत्राचा कायदा सांगतो. बांधावरून रस्ता मागायचा असेल तर १९६६ च्या महसूल संहितेचे कलम १४३ आहे. त्याखालच्या निर्णयावर अपील करता येते, किंवा वर्षाच्या आत दिवाणी दावा. दावा लावला की अपिलाचे दार बंद. एकाच वेळी दोन्ही उंबऱ्यांवर पाय ठेवता येत नाही.

पण थांबणे म्हणजे डोळे मिटणे नव्हे. उत्तर प्रदेशातील एका हेड कॉन्स्टेबलच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९५७ साली सांगितले, की आधी दुसरा उपाय करावा हा धोरणाचा आणि सोयीचा नियम आहे, कायद्याची भिंत नव्हे. त्या बिचाऱ्याला त्याचा उपयोग झाला नाही, कारण त्याची बडतर्फी संविधानाच्या आधीची, १९४८ ची होती! तत्त्व मात्र टिकले. अधिकाऱ्याला अधिकारच नसेल, किंवा त्याने एका बाजूचे ऐकूनच घेतले नसेल, तर हायकोर्ट मध्ये पडू शकते.

आणि तहसीलदार नुसताच कागद दाबून बसला तर? रस्ता कोणाचा हे हायकोर्ट बहुधा ठरवणार नाही. पण अमुक मुदतीत निकाल द्या, असे बजावू शकते. तेवढेच मागावे.

मामलेदार कोर्टात दाव्याची मुदत सहा महिने आहे, आणि ती रस्ता अडवल्या दिवसापासून मोजतात. पोलिसपाटलाकडे वा पुढाऱ्याकडे घातलेल्या खेपा त्यात धरत नाहीत. दावा दाखल केल्याची तारखेची पोच मागून घ्या. हायकोर्टातला वकील पहिल्यांदा तीच मागतो.