ग्रंथालयाकडे नेणारे बोट

देवळात शिरण्यापूर्वी वहाणा बाहेर काढाव्यात, घंटेपर्यंत हात पोहोचत नसेल तर कोणी उचलून घेईपर्यंत थांबावे, तीर्थ उजव्या तळहातावर घ्यावे, हा सारा शिरस्ता मुलाला कोणी पुस्तकातून शिकवीत नाही. आजीचे बोट धरून चार-दोन वेळा जाऊन आले की तो आपोआप अंगवळणी पडतो. आठवड्याच्या बाजाराचे तसेच, आणि आमच्या खंडाळ्यासारख्या रेल्वेच्या गावात गाडीत चढण्या-उतरण्याचेही तसेच. ग्रंथालय हीदेखील एक सार्वजनिक जागा. तिचाही एक शिरस्ता, तिचीही एक परिभाषा. परंतु ज्या घरातील कोणीही कधी वाचनालयाचे सभासद झालेले नाही, त्या घरातील मुलाने तेथे जाताना कोणाचे बोट धरावे? बालसाहित्यातील एका लहानशा, आपल्याकडे उपेक्षित राहिलेल्या प्रकाराचे महत्त्व मला या प्रश्नामुळे जाणवते. तो प्रकार म्हणजे जिचे घटनास्थळच ग्रंथालय आहे आणि जी वाचता वाचता ग्रंथालय कसे वापरावे हे मुलाला सहज उमगते, अशी गोष्ट.

इंग्रजीत अशा गोष्टी विपुल आहेत. मिशेल नुडसन यांनी लिहिलेल्या आणि केव्हिन हॉक्स यांनी चित्रे काढलेल्या ‘लायब्ररी लायन’ या 2006 साली निघालेल्या पुस्तकात एक सिंह ग्रंथालयात येतो. धावायचे नाही आणि गर्जना करायची नाही, हे नियम पाळीत असेल तर त्याला बाहेर घालविण्याचे कारण नाही, असा ग्रंथपालबाईंचा निर्णय असतो. पुढे त्या बाई स्टुलावरून पडून त्यांचा हात मोडतो, तेव्हा मदत बोलावण्यासाठी सिंह गर्जना करतो आणि नियम मोडल्याच्या खंतीने निघून जातो. शेवटी त्याला पावसात शोधून परत आणले जाते. शांतता राखावी हे मुलाला कोणतीही पाटी सांगू शकेल. परंतु नियम माणसांच्या सोयीसाठी असतो आणि सबळ कारण असेल तर तो बाजूला ठेवता येतो, हे सांगण्यासाठी मात्र गोष्टच लागते. बेव्हर्ली बिलिंग्जली नावाच्या चिमुकलीच्या गोष्टीत परतीची मुदत उलटून गेल्यामुळे तिच्या मनात माजलेली भीती आहे. ही भीती क्षुल्लक मानू नये. विलंबशुल्काच्या धाकाने वाचनालयाची पायरी कायमची सोडलेली मुले सर्वत्र आढळतात.

पॅट मोरा यांच्या 1997 सालच्या पुस्तकातील तोमासची गोष्ट आपल्या मातीला अधिक जवळची आहे. शेतमजुरीसाठी टेक्ससहून आयोवापर्यंत आईबापांबरोबर भटकणाऱ्या या मुलाला तेथे कायमचा पत्ता नाही. तेव्हा ग्रंथपालबाई स्वतःच्या नावावर त्याला पुस्तके घरी नेऊ देतात. हा मुलगा काल्पनिक नव्हे. तोमास रिवेरा पुढे लेखक झाले, कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या रिव्हरसाइड येथील शाखेचे प्रमुख झाले, आणि आज तेथील ग्रंथालयाला त्यांचेच नाव आहे. ऊसतोडीच्या हंगामात आईबापांबरोबर कारखान्याच्या तळावर जाणारी मुले, किंवा आमच्या घाटमाथ्यावर बंगल्यांची बांधकामे चालली असता वाळूच्या ढिगाशेजारी वाढणारी मुले पाहिली, की रहिवासाचा दाखला आणि अनामत रक्कम या दोन अटी किती जणांना दाराबाहेर ठेवीत असतील, हा विचार मला स्वस्थ बसू देत नाही.

मराठी मुलांना या जातीची सर्वांत सुंदर गोष्ट एका जपानी पुस्तकाने दिली आहे. तेत्सुको कुरोयानागी यांचे ‘तोत्तोचान’ चेतना सरदेशमुख-गोसावी यांच्या अनुवादामुळे आपल्या घराघरांत पोहोचले. त्यातील तोमोए शाळेचे वर्ग रेल्वेच्या जुन्या डब्यांत भरतात, हे सर्वांना आठवते. परंतु एके रात्री आणखी एक डबा येणार म्हणून मुले पांघरुणे घेऊन शाळेत मुक्कामाला येतात, पहाटे तो डबा रस्त्यावरून ओढून आणलेला पाहतात, आणि तोच पुढे त्यांचे ग्रंथालय होतो, हा भाग फारसा कोणाच्या बोलण्यात येत नाही. वाटेल ते पुस्तक वाटेल तेव्हा वाचावे, अशी मुख्याध्यापक कोबायाशींची मुलांना मुभा असते. भोर घाटातला लोहमार्ग 1863 साली सुरू झाला, तेव्हापासून या डोंगरातील मुलांनी गाड्यांचा धडधडाट ऐकला आहे, चढासाठी कर्जतला मागून जोडलेली इंजिने न्याहाळली आहेत. त्यांना हा डबा परका वाटण्याचे कारणच नाही. ते प्रकरण येथील एखाद्या वर्गात मोठ्याने वाचले, तर पुस्तकांनी भरलेल्या डब्याचे चित्र मुलांच्या डोळ्यांपुढे उभे करण्यासाठी गुरुजींना फारसा प्रयास पडू नये.

त्या मुभेचे मोल मला कळते, कारण माझ्या बालपणीच्या शाळेत ग्रंथालय म्हणजे एक काचेचे कपाट होते आणि त्याला कुलूप होते. पुस्तकांची नावे काचेतून दिसत. आम्ही ती ओळीने पाठ केली होती. किल्ली दप्तराच्या खोलीत असे आणि कपाट तपासणीच्या दिवशी उघडले जाई. तेव्हा मला त्या गुरुजींचा राग येई. पुढे समजले की, मोजणीत एखादा ग्रंथ कमी भरला तर त्याची भरपाई स्वतःच्या पगारातून करावी लागेल या धास्तीने ते किल्लीला जपत असत. दोष एकट्या माणसाचा नव्हता. ग्रंथ ही जतन करण्याची मालमत्ता आहे, वापरण्याची वस्तू नव्हे, या समजुतीचा तो परिपाक होता. शियाली रामामृत रंगनाथन यांनी 1931 साली ग्रंथालयशास्त्राचे पाच सिद्धान्त मांडले, त्यांतील पहिला ‘ग्रंथ उपयोगासाठी आहेत’ असा आहे. आणि त्याच्या विवेचनात त्यांनी युरोपातील जुन्या ग्रंथालयांत पुस्तके साखळदंडांनी कशी जखडून ठेवीत, ते सांगितले आहे. साखळी गेली, कुलूप राहिले, असे म्हणावे लागते.

याउलट बडोद्याचे उदाहरण घ्या. सयाजीराव महाराजांनी 1906 साली संस्थानभर प्राथमिक शिक्षण सक्तीचे केले, आणि शिकलेली प्रजा वाचनाअभावी पुन्हा निरक्षर होऊ नये म्हणून 1910 साली अमेरिकेहून विल्यम बॉर्डन या तज्ज्ञास पाचारण केले. मध्यवर्ती ग्रंथालयात मुलांसाठी स्वतंत्र दालन आले, गावोगाव पुस्तकांच्या लाकडी पेट्या फिरू लागल्या, आणि या चळवळीच्या नियतकालिकात इंग्रजी व गुजरातीबरोबर मराठी मजकुरालाही स्थान होते. पुढे महाराष्ट्राचा सार्वजनिक ग्रंथालय अधिनियम 1967 साली झाला, अ, ब, क, ड अशा वर्गांनुसार अनुदानाची तजवीज झाली. 2009 च्या शिक्षणहक्काच्या कायद्याने प्रत्येक शाळेत गोष्टींच्या पुस्तकांसह ग्रंथालय असावे असे फर्मावले. 2017 च्या मे महिन्यात महाबळेश्वर-पाचगणीजवळचे भिलार ‘पुस्तकांचे गाव’ झाले. कायदा कपाट पुरवील, इमारतही उभी करील. पण त्या कपाटापुढे उभ्या राहिलेल्या मुलाला पुढे काय करायचे, हे कायद्याच्या कक्षेत येत नाही.

म्हणून मराठीत, आणि शक्य तर याच घाटमाथ्यावर घडणारे, असे एखादे पुस्तक निघावे, अशी माझी फार दिवसांची इच्छा आहे. त्यातील मुलगी खंडाळा स्थानकाजवळ राहणारी असावी, आणि तिला गाड्यांविषयी वाचावयाचे असावे. मेल्विल ड्यूईने 1876 साली सर्व ज्ञानाची दहा वर्गांत जी विभागणी केली, ती तिला कोणी पाठ करावयास लावू नये. पुस्तकाच्या पाठीवरील आकडा म्हणजे त्याचे राहण्याचे ठिकाण, एवढेच तिने जाणावे. रेल्वे 385 वर राहते, पक्षी 598 वर, लोककथा 398 वर, आणि आपले मराठी साहित्य 891.46 वर. पक्षी आणि लोककथा यांच्यात दोनशे घरांचे अंतर असले, तरी एका संध्याकाळी दोहोंकडे जाऊन येता येते, हे तिने स्वतः कपाटांमधून चालत शोधून काढावे, आणि त्यासाठी ते ग्रंथालय अर्थातच मुक्तद्वार पद्धतीचे असावे. दाखल अंक आणि वर्गांक यांतील भेद तिला चित्रातूनच कळावा: पहिला ग्रंथ कितव्या क्रमाने आला ते सांगतो, दुसरा कोठे ठेवावा ते सांगतो. देवघेवीच्या टेबलामागच्या काकांना तिने मनमोकळेपणाने प्रश्न विचारावेत, आणि काकांनी उत्तर देण्याऐवजी तिच्याबरोबर उठून कपाटापर्यंत जावे. हे शेवटचे चित्र दोन पाने भरून काढावे, असे मी चित्रकाराला आग्रहाने सांगेन.

आणि त्या पुस्तकात पाऊस हवाच. जेथे वर्षाला चार हजार मिलिमीटरच्या घरात पाऊस पडतो, जेथे आषाढात भिंतींना ओल येते आणि पुठ्ठ्यांवर बुरशी धरते, तेथे पुस्तक जपावे हा उपदेश नसून रोजची निकड आहे. कडुनिंबाची वाळलेली पाने कपाटात कशासाठी ठेवतात, कसर लागली की पानांची कशी चाळण होते, ओले पुस्तक चुलीजवळ न नेता पंख्याच्या वाऱ्यात का उघडे ठेवतात, हे तिला पानोपानी कळावे. दप्तरात दोन पिशव्यांत गुंडाळून ती पुस्तक परत आणील तेव्हा धुके इतके दाट असावे की, समोरचा नागफणीचा कडादेखील दिसू नये.

परतीच्या त्या प्रसंगी तिचे लक्ष मुखपृष्ठाच्या आतील तारीखपट्टीकडे जावे. येथून फार दूर नसलेल्या कार्ल्याच्या चैत्यगृहात खांबांवर दान देणाऱ्यांची नावे कोरलेली आहेत. तारीखपट्टीवर नावे नसतात, नुसत्या तारखा असतात. तरी गेल्या श्रावणात कोणी तरी हेच पुस्तक घरी नेले होते, त्याच्या आदल्या शिमग्यात आणखी कोणी तरी, हे तिने त्या शाईच्या शिक्क्यांवरून वाचावे. ती मुले याच गावातली की लोणावळ्याची, त्यांनाही गाड्याच आवडत होत्या की काय, असा विचार करीत ती टेबलाशी उभी असताना काकांनी रबरी शिक्क्यावरची तारीख फिरवून घ्यावी, तिचे पुस्तक जमा करावे, आणि दुसरे कोणते हवे म्हणून विचारावे.