विश्वाचा माग : काळे धागे उभे की आडवे?

या आठवड्यात ग्रीकांच्या नियतिदेवी अनांकेकडे जायचे ठरले होते. ते पुढे ढकलतो आहे, कारण महाभारतातल्या उत्तंकावरचा माझा लेख वाचून येवल्याच्या एका विणकर घरातून पत्र आले आणि तेव्हापासून डोक्यात दुसरा विषय नाही. प्रश्न एकच आहे. नागलोकात उत्तंकाला दिसलेल्या त्या दोन स्त्रिया काळ्या-पांढऱ्या धाग्यांचे वस्त्र विणत होत्या, तर त्यात काळा धागा ताणा म्हणजे उभा होता, की बाणा म्हणजे आडवा? पत्रलेखकांचे स्वतःचे मत असे की एक रंग उभा आणि दुसरा आडवा असणार, पैठणीतल्या धूपछावसारखा.

मागावर बसलेल्या माणसालाच पडावा असा हा प्रश्न आहे आणि त्याचे उत्तर ही कथा सांगणाऱ्या आदिपर्वातल्या पौष्यपर्वात सापडत नाही. भांडारकर संस्थेची सुखठणकरांनी संपादित केलेली आदिपर्वाची १९३३ ची प्रत पुन्हा काढून बसलो. वस्त्र मागावर चढवलेले आहे, दोघी विणत आहेत, तंतू काळे आणि पांढरे आहेत. उत्तंकाच्या स्तुतीत त्या हे धागे सतत फिरवत असतात आणि त्यांच्यासोबत भूतमात्र आणि भुवनेही फिरत राहतात. शेवटी गुरू उलगडा करतात : स्त्रिया म्हणजे धाता आणि विधाता, धागे म्हणजे रात्र आणि दिवस. ताण्याबाण्याविषयी चकार शब्द नाही.

तरीही धूपछाव मला पटत नाही. धूपछाव लुगड्याची घडी जरा हलवली की रंग बदलतो, कारण कापडाच्या प्रत्येक कणात उभा रंगही असतो आणि आडवाही. रात्र ताण्यात आणि दिवस बाण्यात घातला, तर साऱ्या वस्त्रभर एकच कायमचा संधिकाळ पसरेल. उजाडणार कधी आणि मावळणार कधी? शिवाय ताणा आधी भरला जातो. विणायला बसण्यापूर्वी त्याचे सगळे धागे आपापल्या जागी ताणून तयार असतात. रात्री अशा एकदम ताणून ठेवता येत नाहीत, एक सरल्याशिवाय दुसरी येत नाही. एकामागून एक येणे हा बाण्याचा धर्म. म्हणून माझे म्हणणे असे की काळा आणि पांढरा दोन्ही आडवे. धोटे दोन, एकदा हा आणि एकदा तो.

हे मागावरच नीट दिसते. एक पावडी दाबली की ताण्याचे एकाआड एक धागे वर उचलले जातात, बाकीचे खाली राहतात आणि मधे वाट पडते. त्या वाटेने धोटा जातो, मागून फणी ठोकली जाते. आता दुसरी पावडी न दाबता तोच धोटा त्याच वाटेने परत आणून पाहा. टाकलेला धागा त्याच्याबरोबर निघून येतो, कापड होतच नाही. वाट बदलावी लागते. वरचे खाली गेले, खालचे वर आले, की मगाचा धागा जागच्या जागी अडकतो आणि पुढच्याला रस्ता मिळतो. म्हणजे पांढरा धागा पक्का होतो तो काळ्यासाठी वाट उघडताना. दिवस मावळतो म्हणूनच तो वस्त्रात टिकतो. वैदिक ऋषी ज्याला ऋत म्हणतात ते मला या पावड्यांच्या आलटून-पालटून दबण्यात दिसते.

मग स्त्रिया दोन का? एकीकडे काळा आणि दुसरीकडे पांढरा अशी वाटणी असेल असे आपण सहज धरून चालतो. पण विणकर वेगळे सांगेल. पन्हा, म्हणजे कापडाची रुंदी, मोठा असला की एकट्या माणसाचे हात पुरत नाहीत. जॉन केने १७३३ मध्ये दोरीच्या झटक्याने पळणारा धोटा काढला, तोवर इंग्लंडातही रुंद कापडाच्या मागावर दोघे बसत. एकाने धोटा टाकायचा, दुसऱ्याने झेलून परत पाठवायचा. विश्वाच्या वस्त्राचा पन्हा तर विचारूच नका! धाता एका काठाला, विधाता दुसऱ्या काठाला, आणि दिवसही दोघींच्या हातून जातो, रात्रही.

याला जुना आधार आहे. अथर्ववेदाच्या दहाव्या कांडातल्या स्कंभसूक्तात वेगवेगळ्या रूपाच्या दोन तरुणी सहा खुंट्यांवर ताणलेले वस्त्र आळीपाळीने विणतात. एक धागे पुढे काढते, दुसरी ते बसवते. त्या धागा तोडत नाहीत आणि शेवटालाही पोचत नाहीत. त्या सहा खुंट्या मला सहा ऋतूच वाटतात, कारण उत्तंकालाही मागाशेजारी वर्षाचे चाक दिसते आणि ते फिरवणारे कुमार सहाच आहेत.

या प्रतिमेत एक मोठा बदल झाला आहे, त्याकडे लक्ष वेधल्यावाचून राहवत नाही. ऋग्वेदाच्या दुसऱ्या मंडलात उषा आणि रात्र स्वतःच विणकरणी आहेत. त्याच मंडलातल्या सवितृसूक्तात तर संध्याकाळी विणणारी आपले पसरलेले वस्त्र काम अर्धे असतानाच गुंडाळून ठेवते. महाभारतापर्यंत येता येता दिवस-रात्र मागावरून उठून धोट्यात जाऊन बसले आणि त्यांच्या जागी धाता-विधाता आल्या. दोन्ही नावे एरवी पुरुषदेवतांची, तरी मागावर मात्र महाभारतकाराने त्यांना स्त्रीरूपातच बसवले. काळाच्याही वर कुणीतरी असावे, ही कल्पना मला या सबंध परंपरेतली सर्वांत धाडसी वाटते.

राहिला ताणा. दिवस-रात्र दोन्ही आडवे असतील तर उभे काय आहे? ऋग्वेदाच्या सहाव्या मंडलात भरद्वाज ऋषी काळ्या आणि उजळ दिवसाच्या फिरण्यापासून सुरुवात करतो आणि लगेच म्हणतो की मला ना ताणा कळतो, ना बाणा. बाण्यापुरते उत्तर मी आज देऊन पाहिले. ताण्याबद्दल येवल्याच्या त्या घराचे काय म्हणणे आहे ते वाचायला मी उत्सुक आहे.

पुढच्या आठवड्यात मात्र अनांके नक्की. तिच्याकडे माग नाही, चाती आहे, आणि कातलेला धागा तुटू शकतो. तोवर प्लेटोच्या ‘रिपब्लिक’चे दहावे प्रकरण मिळाले तर शेवटची एराची गोष्ट वाचून ठेवा. त्या चातीच्या एकात एक बसवलेल्या आठ चकत्यांपासूनच सुरुवात करणार आहे.